हळदीचे रीळ

मित्रांनो, मला पाहून तुम्ही आधी नाक मुरडाल. माझ्या उजव्या कुशीला मोठा पोचा आहे, चावी वाकडी आहे आणि पाठीवरचे काळे कातडे दोन ठिकाणी सुटले आहे. चावी पिळून चालवायचा सोळा मिलिमीटरचा जुना सिनेमा कॅमेरा तो मीच. चावी पुरती पिळली की मी जेमतेम अर्धा मिनिट चालतो. तेवढ्या वेळात समोर जे घडेल ते माझ्या पोटात उतरते, बाकीचे निसटते. मी जे सांगणार आहे ते मात्र एकट्या माझे नाही.

माझा जन्म परदेशातल्या एका कारखान्यात झाला. महायुद्धात लष्कराबरोबर मी बोटीने आलो आणि देहूरोडच्या छावणीत उतरलो. तिथे मालमोटारींच्या रांगा, कवायती आणि साहेबांच्या भेटी टिपण्यात माझी पहिली वर्षे गेली. मग युद्ध संपले, साहेब मायदेशी गेले आणि मी मोडक्या खाटा नि फुटक्या दुर्बिणींबरोबर लिलावात निघालो. चिंचवडच्या हिंदुरावांनी मला घरी आणले.

हिंदुरावांचा फोटोंचा स्टुडिओ मुंबई-पुणे रस्त्याला लागून होता. माणूस प्रेमळ होता, कामात वाकबगार होता. पण चार लोक काय म्हणतील याची धास्ती त्यांच्या हाडीमाशी भिनलेली. लग्ने, जत्रा, नव्या कारखान्यांच्या पायाभरण्या अशी कामे आम्ही दोघे करत असू.

स्टुडिओ झाडायला पुतळाबाई येत. त्या ओढ्यापलीकडच्या महारवाड्यात राहत. त्यांचे यजमान गेनू देहूरोडच्या डेपोत हमाल होते. त्यांची मुलगी इंद्रायणी सातवी पास झाली होती, तीही दाराजवळच्या तरटावर वेगळी बसून. आई झाडायची तेव्हा इंद्रायणी फोटो धुण्याची तबके घासायची. जमिनीला, तबकांना तिचा हात चालायचा. पाण्याच्या माठाला चालायचा नाही आणि मलाही चालायचा नाही. खंडेनवमीला हिंदुराव माझी पूजा करत, तेव्हा ती उंबऱ्याबाहेर उभी राहून बघत असे. तिची नजर माझ्यावरच्या झेंडूकडे नसायची. माझ्या भिंगाभोवतीच्या कड्यावर आकडे कोरलेले आहेत, ते ती वाचत असायची.

एकोणीसशे चौपन्न साली हिंदुरावांच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरू लागला. एका जत्रेचे चित्र सगळे पुसट आले. त्यांनी दोष रीळ धुण्याच्या औषधांवर ढकलला, पण मला ठाऊक होते. एके दिवशी दुपारी दुकानात कोणी नव्हते, तेव्हा त्यांनी हळूच हाक मारली.

"पोरी, या कड्यावरचा आकडा वाच बरं."

"धा फूट," इंद्रायणी लांबूनच म्हणाली.

"आणि त्या खांबापर्यंत किती असंल?"

ती पावले टाकत खांबापर्यंत गेली नि परत आली. "तेरा धरा, मालक."

हिंदुरावांनी कडे तेरावर फिरवले. दोन आठवड्यांनी मुंबईहून रीळ धुऊन आले, तर खांबावरच्या जाहिरातीचे अक्षर न् अक्षर वाचता येत होते. त्या दिवशी त्यांनी पुढचे दार लोटले आणि मला तिच्या हातात दिले. "कुणाला बोलू नको," एवढेच म्हणाले.

तिच्या तळहातांना राखेचा वास होता. पहिल्यांदा ते थरथरले, मग असे स्थिर झाले की मी घडवंचीवर ठेवल्यासारखा निश्चल राहिलो. पुढच्या वर्षभरात ती सारे शिकली. रीळ डोळे मिटून भरायची, उजेड मोजायची, श्वास रोखून खटका दाबायची. लोकांसमोर हिंदुराव माझ्यामागे उभे राहत आणि ती पिशवी धरून अंतरे पुटपुटे. लोकांची पाठ वळली की आमची अदलाबदल होई.

तेव्हा पिंपरीच्या माळावर कारखान्यांची बांधकामे चालली होती. अशाच एका बांधकामाचे प्रचारचित्र काढायचे काम आम्हांला मिळाले. इंद्रायणीने मला वळवले ते खडीमातीच्या पाट्या वाहणाऱ्या बायांकडे.

"अगं, त्यांना कारखान्याचं चित्र पाहिजे," हिंदुराव कुजबुजले. "या बायांचं कशाला?"

"कारखाना ह्याच तर बांधत्यात, मालक."

चित्र पाहायला मुंबईहून रंगराव आले. प्रचारचित्रे बनवणाऱ्या एका कंपनीत ते फिती कापण्या-जोडण्याचे काम करत. स्टुडिओच्या भिंतीवर बायांची ती रांग चालू लागली आणि रंगराव खुर्चीतून उठलेच. "हिंदुराव, हात काय स्थिर आहे हो तुमचा! आमच्याकडच्या पोरांना पाठवतो तुमच्याकडे शिकायला."

हिंदुरावांनी मान खाली घातली आणि ते हसले. इंद्रायणी दाराशी तबके पुसत बसली होती. तिने तबक खाली ठेवले.

"ते मी काढलंय," ती म्हणाली.

रंगराव आधी मोठ्याने हसले. मग त्यांनी हिंदुरावांच्या चेहऱ्याकडे पाहिले आणि त्यांचे हसू मावळले. त्यांनी तिचे नाव विचारले, घर विचारले. तिने दोन्ही सांगितले. कॅमेऱ्याचे काम शिकायला मुंबईला यायचे आहे, हेही सांगून टाकले.

"हे बघ मुली," रंगराव म्हणाले, "वाईट वाटून घेऊ नकोस. कॅमेऱ्यापुढे उभं राहायचं म्हटलंस, तर तिथं गोऱ्या मुली लागतात. तुझ्या रंगाची मुलगी मोलकरणीच्या कामालासुद्धा घेत नाहीत, गोरीला काजळी फासतात. कॅमेऱ्यामागं म्हणशील, तर तिथं सगळे पुरुष. त्यात तू पडलीस महारवाड्यातली. तुझ्याबरोबर एका गाडीत बसतील, एका पंगतीत जेवतील का ते? हिंदुराव, चित्र तुमच्याच नावानं जाईल. उगाच माझी नोकरी पणाला लावू नका."

हिंदुरावांनी होकाराची मान हलवली. रंगराव गेल्यावर इंद्रायणीने आईला विचारले, "चुकलं का गं माझं?"

"चुकलं न्हाई," पुतळाबाई म्हणाल्या. "पर आता जीभ आवर. तुझ्या बापाला अजून ह्याच गावात ऱ्हायचंय."

तिने जीभ आवरली, हात मात्र आवरला नाही. शिक्षणासाठी तिने सरळ त्या कंपनीलाच अर्ज लिहिला आणि उत्तरासाठी स्टुडिओचा पत्ता दिला.

छप्पन्न सालच्या वैशाखात चाकणजवळच्या एका गावाहून अर्जुनरावांचे बोलावणे आले. मोठे बागायतदार. त्यांची एकुलती मुलगी कुसुम हिचे लग्न होते आणि पंचक्रोशीत कोणी काढला नसेल असा सिनेमा त्यांना काढायचा होता. लग्नाआधी कुसुम फोटोसाठी स्टुडिओत आली होती, तेव्हा ती हिंदुरावांना म्हणाली, "माझ्या आईच्या छातीचं दुखणं लई वाढलंय, काका. डागदरांनी हात टेकले. फोटोत ती अवघडून बसती. मला ती हळदीला गाताना पाहिजे. जशी हाय तशी."

हिंदुराव पेचात पडले. हळद बायकांची. तिथे परक्या पुरुषाला थारा नाही, आणि त्यांना तर दहा फुटांपलीकडचे दिसतही नव्हते. शेवटी त्यांनी इंद्रायणीला नेले. साताऱ्याकडच्या बहिणीची मुलगी म्हणून सांगायचे आणि दिवसभर तिने त्यांना 'मामा' म्हणायचे, असे ठरले. पुतळाबाई हे ऐकून पांढऱ्याफटक पडल्या. "उघडं पडलं तर जित्ती सोडतील का तुला?"

"आई, एकदा तरी मला लोकांसमोर चित्र काढू दे," इंद्रायणी म्हणाली.

हळद मागच्या अंगणात होती. ऊन लख्ख होते. इंद्रायणीने मला ओट्याच्या कडेवर टेकवले आणि पहिली चावी पिळली. बाया आधी लाजल्या, मग विसरल्या. मधोमध कुसुमची आई, रुक्मिणीबाई, जात्यापाशी बसल्या होत्या. अंगात हाडांखेरीज काही उरले नव्हते. पण गाणे सुरू झाले तशी त्यांच्या चेहऱ्यावर रया आली. गाता गाता त्यांनी लेकीच्या गालाला हळद लावली, हात नाकालाही लागला, आणि दोघी खुदकन हसल्या. इंद्रायणीचा श्वास माझ्या पाठीवर थांबला होता. मित्रांनो, मला आवाज टिपता येत नाही. पण ते ओठ, ते हसू, कपाळावर घसरलेला पदर, सगळे मी घेतले.

रीळ संपले. तिने ते सावलीत काढून डब्यात घातले, डब्याला पांढरी पट्टी चिकटवली आणि दुसरा, कोऱ्या रिळाचा डबा हातात घेतला. माझे झाकण अजून उघडेच होते. तेवढ्यात बांगड्या भरणारी भागूबाई कासारीण ओट्यापाशी आली.

"ये पोरी, समद्यांनी भरल्या, तू बी भर," म्हणत तिने इंद्रायणीचा हात धरला. हात बघता बघता तिने तोंडाकडे बघितले. "अगं, तू चिंचवडच्या पुतळीची लेक न्हवं? तुझ्या आईला मीच की बांगड्या देती, लांबनं टाकून..."

बोलून गेल्यावर तिने तोंडावर हात ठेवला. तिच्या मनात वाईट नव्हते, पण शब्द सुटला होता. गाणे मधेच तुटले. एक बाई मागे सरकली, मग दुसरी, मग सगळ्याच. कोणाचा तरी पाय लागून हळदीची वाटी कलंडली. इंद्रायणी भोवती बघत राहिली. तिच्या चारी बाजूंना आता नुसते मोकळे अंगण होते.

पुरुष धावत आले. पुढे अर्जुनराव, मागे त्यांचा धाकटा भाऊ भैरू, हातात काठी.

"कोण हाय ही?" अर्जुनरावांनी हिंदुरावांना विचारले.

इंद्रायणीने त्यांच्याकडे पाहिले. हिंदुरावांच्या कपाळावर घाम फुटला होता. "मला... मला ठाऊक नव्हतं, अर्जुनराव," ते म्हणाले.

भैरूने मला हात लावला नाही. माझाही विटाळ होता ना! त्याने काठीच्या टोकाने मला ओट्यावरून ढकलले. मी खालच्या फरशीवर आपटलो. कूस चेपली, चावी वाकली, भिंगाला तडा गेला. त्याने काठी पुन्हा उचलली, आणि या वेळी ती माझ्यासाठी नव्हती.

"अवो, पोर हाय ती!" रुक्मिणीबाई जात्यापासून उठायचा प्रयत्न करत ओरडल्या. त्यांना खोकल्याची उबळ आली, पण हात वर करून त्या म्हणाल्या, "माझ्या लेकीच्या हळदीत रगत नको. जाऊ द्या तिला."

भैरूने न मारता काठी खाली घेतली. पण अर्जुनरावांचा राग उतरला नव्हता. "ते रीळ हिकडं दे. माझ्या घरातल्या बाया हिच्या यंत्रात ऱ्हायच्या न्हाईत. जाळून टाकायचं."

इंद्रायणीच्या एका हातात पट्टीचा डबा होता, दुसऱ्या हातात कोरा. पट्टी सोडली तर दोन्ही सारखेच दिसत. पट्टी म्हणजे चित्र घेतलेले रीळ, हे त्या अंगणात तिच्याशिवाय फक्त मला आणि हिंदुरावांना ठाऊक, आणि हिंदुरावांना तेवढ्या अंतरावरून पट्टी दिसणे शक्य नव्हते. तिने एकदा रुक्मिणीबाईंकडे पाहिले. मग पट्टीचा डबा पिशवीत टाकला आणि कोरा डबा जमिनीवर ठेवून ती मागे सरली.

भैरूने काठीने डबा उघडला, रीळ चुलवणात लोटले. फीत वेडीवाकडी आक्रसली, कडवट धूर निघाला. कुसुम दाराच्या चौकटीला धरून रडत होती. इंद्रायणीने मला उचलून पदराखाली घेतले आणि ती चालू लागली. तिचे हृदय माझ्या चेपलेल्या कुशीवर धडधडत होते. कोणी पिशवी बघायला मागितली असती तर काय झाले असते, हे आजही माझ्याने मनात आणवत नाही. चाकणच्या रस्त्याला लागेपर्यंत ती मागे वळली नाही. हिंदुराव तिच्यापुढे शंभर पावलांवर होते. त्यांनीही मागे पाहिले नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिने मला स्टुडिओच्या टेबलावर ठेवले. माझ्याशेजारी डबा ठेवला.

"हे त्या ताईंचं हाय. त्यांनी मागितलं होतं. त्यांना द्या."

हिंदुरावांनी डब्यावरची पट्टी चाचपली. "मग तिथं जळलं ते?"

"कोरं होतं."

त्यांनी डबा दोन्ही हातांत धरला. "इंद्रायणी, मी काल..."

"तुमी म्हणालात, ठाऊक न्हवतं. आता वळख बी नसल्यासारखंच ऱ्हाऊ द्या," ती म्हणाली आणि निघून गेली. त्या दिवसापासून पुतळाबाईही झाडायला आल्या नाहीत.

मग माझे वाईट दिवस आले. हिंदुरावांनी मला गोणपाटात गुंडाळून माळ्यावर टाकले; गोणपाटाच्या एका फटीतून तेवढे खालचे दिसे. माझ्या पोटात धूळ गेली, मुंग्यांनी घर केले. चिंचवडात बोभाटा झाला होता आणि गिऱ्हाईक तुटले होते. एके दिवशी मुंबईच्या कंपनीचे पाकीट आले. हिंदुरावांनी ते शेजाऱ्याकडून वाचून घेतले, तेव्हा मी वरून ऐकले. स्त्री उमेदवारांची सोय नाही, एवढाच मजकूर. इंद्रायणी तेव्हा पिंपरीच्या माळावर पाट्या वाहत होती, ज्या बायांचे तिने चित्र काढले त्यांच्याच रांगेत.

एक गोष्ट मात्र हिंदुरावांनी केली. ते रीळ त्यांनी गुपचूप मुंबईहून धुऊन आणवले. पण चाकणकडे जायचे धैर्य त्यांना होईना. डबा काढत, हातात फिरवत, परत ठेवत.

दिवाळीनंतर अर्जुनराव आणि कुसुम स्वतःच दारात आले. रुक्मिणीबाई भाद्रपदात गेल्या होत्या. त्यांच्या एका जुन्या फोटोची मोठी तसबीर करून हवी होती. फोटोत रुक्मिणीबाई खुर्चीत ताठ बसलेल्या, अनोळखी वाटाव्यात अशा. हिंदुराव तो फोटो डोळ्यांजवळ धरून कितीतरी वेळ उभे राहिले. मग म्हणाले, "दार लावून घेतो. जरा बसा."

पडदे ओढले गेले. यंत्र खरखरू लागले. आणि भिंतीवर ऊन पडले, वैशाखातले. जाते आले, बाया आल्या, आणि मधे रुक्मिणीबाई गाऊ लागल्या.

अर्जुनराव ताडकन उभे राहिले. माळ्यावर मीसुद्धा धसकलो. आता ते भिंतीवर धावून जातात की हिंदुरावांवर, काही कळेना. एवढ्यात अंधारात बारीक आवाज आला. कुसुम आईचे ओठ बघून तीच ओवी म्हणत होती. ओठ हलत तसा तिचा सूर चाले, ओठ थांबले की थांबे. हळदीचा हात नाकाला लागला, भिंतीवर दोघी हसल्या, आणि इकडे कुसुमला हुंदका फुटला.

फीत संपली. भिंत पांढरी झाली.

"ह्ये कुणी काढलं?" अर्जुनरावांनी विचारले.

हिंदुरावांचा हात यंत्रावर होता. या वेळी ते बोलले. "इंद्रायणीनं. गेनूच्या लेकीनं. तुम्ही जाळलंत ते कोरं रीळ होतं. आणि मला ठाऊक नव्हतं म्हणालो, ते खोटं बोललो. मीच तिला आणली होती. काय करायचं ते मला करा."

अर्जुनराव तसेच उभे होते. यंत्राचा दिवा तापल्याचा वास सुटला होता. मग ते खाली बसले.

"पुन्यांदा लावा," ते म्हणाले.

हिंदुरावांनी तीनदा लावले. तिसऱ्यांदा संपल्यावर अर्जुनरावांनी पागोट्याच्या शेवाने तोंड पुसले आणि ते बाहेर पडले. मित्रांनो, ते कधी इंद्रायणीच्या दारी गेले नाहीत. माफीचा शब्दही त्यांनी उच्चारला नाही. कुसुम मात्र बापाला सडकेवर थांबवून हिंदुरावांबरोबर माळावर गेली. पुढे इंद्रायणीने मला सांगितले, "ताईंनी माझे मातीचे हात धरले. म्हणाल्या, आई भिंतीवर गायली."

दुसऱ्या दिवशी इंद्रायणी आली. हिंदुराव तिच्यापुढे हात जोडून उभे राहिले. ती लगेच विरघळली नाही. "लोकांनी इचारलं तर काय सांगाल?" तिने विचारले. उत्तर म्हणून त्यांनी पत्र्याची पाटी रंगवून घेतली आणि स्टुडिओवर चढवली: 'चलच्चित्रण – इंद्रायणी गेनू'. तिसऱ्या दिवशी त्या पाटीला कोणीतरी डांबर फासले. तिने ते घासून काढले. पुन्हा फासले, पुन्हा काढले. पुतळाबाईंचा जीव टांगणीला लागे, पण घासायला त्याही बसत. पाचव्यांदा मात्र फासणारा दमला असावा.

तिने माझ्या पोटातल्या मुंग्या काढल्या, चाके तेलात भिजवली, पुण्याच्या जुन्या बाजारातून दुसरे भिंग आणले. हळूहळू बायका येऊ लागल्या. कोणाचे डोहाळजेवण, कोणाची आजारी सासू. मुंबईचे दार मात्र उघडले नाही. तिने दोनदा अर्ज केला, दोनदा नकार आला. रंगरावांनी चित्रे मागवली, पण दर वेळी आरंभी घातलेले तिचे नाव कापून टाकले.

आज एकोणसाठ साल आहे. मी जुना झालो आहे, माझी चावी कधीकधी अडते. तुमच्याही घरी एखादे यंत्र माळ्यावर पडले असेल. त्याला तेल द्या, त्याची धूळ पुसा. आणि तुमच्या घरात, गल्लीत, ओढ्यापलीकडे एखाद्या मुलीचे हात कामाला आसुसलेले असतील, तर तिला उंबऱ्याबाहेर उभी करू नका. मी सहा महिने माळ्यावर पडलो तरी तेलाने सुधारलो. तिची वर्षे कुठल्या तेलाने परत येणार?

गेल्या महिन्यात पिंपरीच्या बांधकामाचे नवे चित्र काढायचे होते. इंद्रायणीने या वेळी नाव चित्राच्या आरंभी घातलेच नाही. तिने दगडी पाटीवर खडूने आपले नाव लिहिले आणि पुतळाबाईंच्या हातात देऊन त्यांना पाट्या वाहणाऱ्या बायांच्या रांगेत, अगदी मधोमध चालायला लावले. आता नाव कापायचे तर सगळी रांग कापावी लागणार होती. मी चालू झालो. पुतळाबाई ताठ मानेने आल्या, पाटी उलटी धरून.

"आई, पाटी उलटी हाय!"

मागच्या बाईने हसत पाटी फिरवून दिली. पुतळाबाई लाजल्या, पदर सावरला, आणि पाटी छातीशी घट्ट धरून माझ्याकडे चालत राहिल्या. रंगरावांनी ती रांग कापली नाही. कारखान्याच्या मैदानावर पडदा लागला, तेव्हा दोन हजार माणसांनी ते नाव मोठ्याने वाचले.